कुणाचं पाऊल धरू?

चन्नू,

नाक्यावरचा तुझा फ्लेक्स काल उतरवायला लावला मी. पोरांनी मायेनं लावला होता, वर 'भावपूर्ण श्रद्धांजली', दोन्ही बाजूंना समया. येणारी-जाणारी माणसं गाडी हळू करून म्हणायची, काय झकास फोटो आलाय हो चन्नबसवचा, कसा वर बघायलाय. व्हय, वर बघायलास तू. जन्मभर कॅमेऱ्याच्या मागं उभ्या राहिलेल्या माणसाचा धड एक फोटो कुणाकडं निघेना, म्हणून तुझ्या कॅमेरावाल्या सलीमच्या फोनमधला हा दिला. त्यात तू खाली बसलायस आणि सलीम वर काठावर उभा राहून फोटो काढायलाय. कशाच्या काठावर, ते फ्लेक्सवाल्यानं कापून टाकलं. पण अव्वाला माहीत होतं. ती त्या रस्त्यानं यायचीच बंद झाली, तेव्हा मी म्हणलं, काढा रे बाबांनो ते.

पेपरवाला आला होता दुकानात. शिक्षण किती, सिनेमे किती, बक्षिसं कुठली. मी शिलाईचं मशीन थांबवलं न्हाई. त्याला काय सांगायचं? निर्माता म्हणलं तर लोकांना वाटणार तू मोठ्या गाडीतून फिरायचास. प्रॉडक्शन डिझायनर म्हणलं तर आपल्याकडं निम्म्यांना वाटतं तू लग्नाचे मांडव घालायचास, आणि ते तरी कुठं खोटं आहे, सुरुवात तिथूनच केलीस. अव्वाचं उत्तर सगळ्यात चांगलं होतं. कुणी विचारलं, तुमचा ल्योक काय करतो, की म्हणायची, "घरं बांधतो बाई. ऱ्हायची न्हाईत, मोडायची."

मांडव, मग बसवजयंतीच्या मिरवणुकीतले देखावे, मग मुंबई. तिकडं किती वर्षं थर्माकोलला दगडाचा रंग देत बसलास, आणि एका उन्हाळ्यात पिशवी घेऊन माझ्या दुकानाच्या पायरीवर येऊन बसलास. बसवकल्याणच्या त्या रणरणत्या दुपारी मी विचारलं, कामून आलास? तू म्हणलास, "अक्का, तिथं दगडबी खोटा आन रडणंबी खोटं. मला आता खरं करायचंय." मला वाटलं, झालं, ह्याचं डोकं फिरलं. आणि फिरलंच होतं की. आपल्या कोहिनूर गावच्या शेतात तू सिनेमा काढायला निघालास. दुसरा कुणी निर्माता मिळेना, म्हणून तूच निर्माता झालास. कलाकारांना आणायचं तू, त्यांना जेवू घालायचं तू, भिंत लिंपायची तू, आणि शूटिंग चालू असताना ट्रॅक्टरवाल्याच्या हातापाया पडून त्याचं गाणं बंद करायचं तेही तूच.

पहिल्या सिनेमाला तुला जुनं दार पाहिजे होतं. सुताराकडं गेला असतास तर काय बिघडलं असतं? पण न्हाई, आपल्या घराचं दार चौकटीसकट काढून नेलंस. अव्वा किती दिवस दाराच्या जागी बाज आडवी लावून झोपली. वरून तिलाच म्हणायचास, "अव्वा, तुझं दार हिरॉइन हाय." माझ्याकडून चोळ्या शिवून न्यायचास आणि चहाच्या पाण्यात बुडवून, मातीत पुरून, आठवड्यानं काढायचास. मी नवं करायचे आणि तू जुनं करायचास. तरी पडद्यावर माझं नाव आलं तेव्हा मी मंगल कार्यालयात पदरानं डोळे पुसत बसले होते. शेजारी अव्वा. दार दिसलं तशी ती ताडकन उठून ओरडली, "अगं माय, माझी कडी!" सगळं कार्यालय हसलं. तू मागं प्रोजेक्टरजवळ उभा होतास. इतकं खुश मी तुला पुन्हा कधी बघितलं न्हाई.

पुण्याचे लोक म्हणाले, ही कुठली मराठी? बेंगळूरचे म्हणाले, ही तर कन्नड न्हाईच. सलीमची दखनी तर दोघांनाही झेपेना. मला वाटलं आता हा बसणार तोंड पाडून. तू म्हणलास, "दोघांनाबी नको म्हंजे आपलंच हाय की, अक्का." आणि पुढचा सिनेमा सुरू.

तुझी एक रीत होती. शेवटचा शॉट झाला की बाकीचे लोक 'कट' म्हणतात, तू 'झालं' म्हणायचास. मोठ्यानं न्हाई, अगदी घरातल्यासारखं. तुझ्या तोंडून तो शब्द निघेपर्यंत कुणी जागचं हलायचं न्हाई. मग तू स्वतः हातोडा घेऊन सेटवर पहिला घाव घालायचास आणि संध्याकाळच्या आत सगळं भुईसपाट. मी एकदा म्हणलं, अरे, एवढी सुंदर पडवी बांधलीस, राहू दे की उभी, शेळ्या तरी बसतील. तू मान हलवलीस. "बांधलेलं रिकामं सोडायचं न्हाई, अक्का. त्यात कुणीतरी ऱ्हायला येतंय."

हे तू म्हणलास. मी न्हाई. नंतर तुला ह्याच वाक्याची किती वेळा आठवण करून दिली, तेवढं सांग आता.

ह्या सिनेमाची गोष्ट तू दुकानात येऊन सांगितलीस. एक म्हातारा, अंगानं धडधाकट, जिवंतपणीच स्वतःसाठी शेतात खड्डा खणून घेतो आणि रोज त्याच्या काठावर जाऊन बसतो. शेवटी त्यात उतरून बसतो. मी ब्लाउजला काज करत होते. सुई तशीच राहिली हातात. म्हणलं, "मुडद्या, दुसरा विषय मिळाला न्हाई का तुला?" तू हसलास. लहानपणापासून तुला मुडद्या म्हणत आले मी. दार आपटलंस की मुडद्या, उशिरा आलास की मुडद्या, लाड आला तरी मुडद्या. आता तो शब्द तोंडाशी येतो आणि मी पाणी पिते.

कामाची तयारी तू हुरड्याच्या दिवसांत केलीस. आपण लिंगायत, आपल्यात गेलेल्या माणसाला बसवून पुरतात, हे काय तुला सांगायला पाहिजे? आणि तो खड्डा गज-फुटांनी मोजत न्हाईत. गेलेल्या माणसाच्या पावलाचं दोऱ्यानं माप घेतात आणि त्या पावलानं लांबी-रुंदी धरतात. म्हणून खड्डा ज्याचा त्याचा असतो. अप्पा गेले तेव्हा आपण दोघं दारात उभे होतो, त्यांच्या पावलाला दोरा लावलेला बघत. तू नंतर आठवडाभर विचारत होतास, तो दोरा कुठं गेला? अव्वा म्हणाली, संगट गेला. ते तुझ्या डोक्यात बसलं होतं, मला माहीत आहे. नाहीतर ही गोष्ट तुला सुचलीच नसती.

खणायला बंडेप्पा आला, आपल्या गावात हे काम तोच करतो. कुदळ खांद्यावर, तंबाखू तोंडात. म्हणाला, "पाऊल कुणाचं धरू?" म्हाताऱ्याचं काम करणारे गुरप्पाण्णा कलबुर्गीला होते, दोन दिवसांनी येणार होते. मी तिथंच होते, माझ्या गळ्यात मापाचा टेप होता, तो मी झोपतानाच तेवढा काढते. काढून तुझ्यापुढं धरला. "ह्ये घे. टेपला जीव नसतो." तू टेपाकडं बघितलंसही न्हाई. "टेपनं मोजलं तर कडा सरळ येत्यात अक्का. पडद्यावर खोटं दिसतंय." आणि वाकून बूट काढलास, मोजे काढलेस, आणि काळ्या मातीत पाऊल ठेवलंस.

"माझं धरा."

बंडेप्पानं तंबाखू थुंकली. तो माझ्याकडं बघायला, मी अव्वाकडं. अव्वा बांधावर भाकरीचं टोपलं घेऊन उभी होती. टोपलं खाली ठेवलं आणि घराकडं वळली. आणि तू आपला एका पावलापुढं एक पाऊल टाकत चाललास, लहान मूल रेघेवर चालतं तसा, वर सलीमला म्हणायलास, "बघ बघ, माती कशी उठायलीय, काढून ठेव." जिवंत माणसाच्या पावलानं ते माप धरायला आपल्यापैकी कुणी धजलं नसतं. तू धजलास, कारण तुला काही म्हणजे काहीच खोटं चालत नव्हतं.

वर काळी माती, खाली मुरूम, आणि एका अंगाला बसायचा कोनाडा. खड्डा इतका बरोबर झाला की बघवेना. दुसऱ्या दिवशी सलीमला उजेड बघायचा होता, म्हणून तू खाली उतरलास, कोनाड्यात मांडी घातलीस आणि वर बघितलंस. हाच तो फ्लेक्सवरचा फोटो. सलीमनं फोन खिशात घातला आणि म्हणाला, "चन्नू भाई, हो गया, उप्पर आ जाव." तू म्हणलास, थांब की जरा, आत लई गार लागायलंय.

गुरप्पाण्णा आले, काठावरचे सगळे शॉट झाले. आत बसायचा शेवटचा शॉट तेवढा राहिला. आणि त्या शॉटच्याच सकाळी न्हाणीत पाय घसरून त्यांच्या खुब्याचं हाड मोडलं. म्हातारं माणूस, महिनोन्महिने उठणार न्हाई. शूटिंग थांबलं, सगळे आपापल्या घरी गेले, आणि खड्डा उघडा राहिला.

शूटिंगपुरता उघडा खड्डा सगळ्यांनी कसाबसा सोसला होता, पण तिथून आपलं भांडण सुरू झालं. म्हणजे मी भांडत होते, तू चहा पीत होतास. खणलेला खड्डा सूर्य मावळायच्या आत भरायचा असतो, माणसानं न्हाई तर मातीनं. मठातले अय्या घरी येऊन सांगून गेले, भरून टाक बाळा, न्हाईतर त्यात काहीतरी ठेव, रिकामा ठेवू नको. अव्वा म्हणाली, धोतरात वरवंटा गुंडाळून माणसाच्या जागी बसवते आणि माती लोटते, कुणाला कळणारबी न्हाई. सलीमनंही सांगितलं, "हमारे में बी खुल्ली कबर नै छोडते भाई." तू सगळ्यांना एकच उत्तर द्यायलास. एक शॉट ऱ्हायलाय. भरून परत खणलं तर मातीचा रंग बदलतो, कडा बदलतात, जुन्या शॉटला जुळत न्हाई. मी ओरडले, "कोण बघतंय रे तुझ्या कडा?" तू शांतपणे म्हणलास, "मी बघतो की."

वर पत्रे टाकलेस, पत्र्यांवर दगड. वारं सुटलं की ते पत्रे वाजायचे आणि आवाज घरापर्यंत यायचा. अव्वा जेवता जेवता हात थांबवायची. बायकांनी पाणंदीची ती वाट सोडली, लांबून बांधाबांधानं जायला लागल्या. एका सकाळी पत्रा सरकलेला आणि आत करडू मरून पडलेलं. अव्वानं ते बघितलं आणि म्हणाली, "एक घेतलं." तू चिडलास. "करडूच हाय ना अव्वा! पत्रा सरकला म्हणून पडलं." चिडलास तेव्हाच मला कळलं, तूही घाबरलायस.

तरी तुझं तिथं जाणं वाढतच गेलं. आधी कडा बघायला, मग कडांवर पाणी शिंपडायला, मग चहाचा कप घेऊन काठावर बसायला. आणि ऊन तापायला लागलं तसा तू दुपारचा आत उतरून कोनाड्यात बसायला लागलास. मी शेतात आले होते त्या दिवशी, तुला हाका मारत गोठ्यापर्यंत गेले. उत्तर जमिनीतून आलं, "हितं हाय मी." काठावर येऊन बघते तर मांडी घालून बसलास, डोळे मिटून, अंगावर मुरुमाची भुकटी. म्हणलं, काय करायलास रे? तू डोळे उघडले न्हाईस. "आत रेंज येत न्हाई अक्का. कुणाचा फोन येत न्हाई. लई बरं वाटतंय."

मी शिव्या घातल्या, मातीचं ढेकूळ फेकून मारलं, पण तू वर आल्याशिवाय तिथून हलले न्हाई. तू माझ्या हाताला धरून वर आलास. तुझा हात उन्हाळ्यातही गार होता. मी अव्वाला ते सांगितलं न्हाई.

दुकानात शेवटचा आलास तो हसतच आलास. गुरप्पाण्णा काठी घेऊन चालायला लागले होते, पुढच्या सोमवारी येतो म्हणाले होते. तू काउंटरवरचा माझा खडू उचललास, नेहमीसारखा खिशात टाकलास. "शॉट झाला की लगेच भरतो अक्का. पहिलं टोपलं तुझ्या हातानं टाकू, मग तर झालं?" मी म्हणलं, चहा घेऊन जा. तू म्हणलास, हुमनाबादला जनरेटरवाल्याला गाठायचंय, तिथंच पितो.

तिथंच प्यायलास. हॉटेलवाला सांगत होता, चहा संपवला, कप नीट ठेवला, बाकावर मागं टेकला. त्याला वाटलं डोळा लागला.

तुला आणलं तेव्हा अंगण माणसांनी भरलं होतं. आणि मी ऐकत होते. कुणी रडत होतं, पण रडण्याखाली सगळे एकच बोलायले होते. खड्डा तयारच हाय. त्याच्याच पावलाचा हाय. एका पावलाचे दोन खड्डे एका शेतात खणत न्हाईत. बंडेप्पा कुदळ न घेता आला होता, चन्नू. रिकाम्या हातानं.

मग माझं डोकं फिरलं. मी सगळ्यांच्या मध्ये उभी राहिले आणि ओरडले, "तो सेट हाय! माझा भाऊ सेटमदी जाणार न्हाई. बंडेप्पा, कुदळ आण. त्या बांधाला नवा खण, दोरा लाव त्याच्या पावलाला, रीतीनं काय ते कर." पुरुषमाणसं एकमेकांकडं बघायली. मला एवढंच पाहिजे होतं, की उद्या कुणी म्हणू नये, चन्नबसवनं आपल्या पावलानं आपलं मरण मोजलं. तू मरण मोजलं नव्हतंस रे, तू एक सेट बांधला होतास. ह्या दोन्हींत फरक आहे, आणि तो फरक मी त्या दिवशी एकटीनं धरून ठेवला होता.

अव्वा उठली. माझा दंड धरून मला आत चुलीपाशी नेलं. तिच्या डोळ्यात पाणी नव्हतं. इतक्या हळू बोलली की मला तिच्या तोंडाशी कान न्यावा लागला.

"मला दोनच लेकरं. एक गेलं. त्यो खड्डा तसाच मोकळा ऱ्हायला, तर दुसरं मागंल. माझा चन्नू जाऊ दे त्यात. तू ऱ्हा."

ह्याला मी काय उत्तर देणार होते? तूच सांग, तू इतक्या माणसांना संवाद लिहून दिलेस. माझ्यासाठी तिनं तुला तिथं पाठवलं. मला तिचा इतका राग आला की हात झटकला मी, आणि मग त्याच हातानं तिला धरून बसले. मी जिवंत आहे, दुकान उघडते, भाकरी खाते. ह्यात तुझा वाटा आहे, आणि तुला कुणी विचारलं न्हाई.

तुला बसवून मिरवत नेलं, बेल वाहिला, विभूती लावली. कोनाड्यात तुला ठेवलं तेव्हा कुठं बोटभरही कमी-जास्त झालं न्हाई. बंडेप्पानं डोळे पुसले. ऊनही त्याच तिरप्यानं आत पडलं होतं, सलीमनं त्या दिवशी बघून ठेवलं होतं तसंच. सलीम समोर उभा होता, खांद्याला कॅमेऱ्याची पिशवी. त्या शॉटसाठी तू महिनोन्महिने खड्डा उघडा ठेवलास, तोच शॉट समोर होता, आणि त्यात खोटं काहीच नव्हतं. माझी नजर पिशवीवर गेली तसा तो मान हलवत रडायलाच लागला. "मैं नै निकालतूं अक्का. भाई खुद बोले तो बी नै निकालतूं."

मग माती टाकायची वेळ आली आणि कुणी हलेना. मला आधी कळलंच न्हाई काय झालं ते. गावातली माणसं तुझ्या माणसांकडं बघायली होती, आणि तुझी माणसं, तुझा सलीम, लाइटवाले, भिंती लिंपणाऱ्या बाया, सगळे मुठीत माती घेऊन तुझ्याकडं बघायले होते. सवयच ती. तू म्हणल्याशिवाय मोडायचं न्हाई. ऊन उतरायलं होतं. कुणीतरी बोलायला पाहिजे होतं.

"झालं," मी म्हणलं. आणि पहिलं टोपलं टाकलं.

एवढ्यावर संपलं असतं तरी चाललं असतं. पण तुझा सिनेमा राहिला ना. दिवस झाले, पाहुणे गेले, आणि एका दुपारी गुरप्पाण्णा काठी टेकत दुकानात आले. बसले. म्हणाले, "अक्का, एक शॉट ऱ्हायलाय." आईशपथ, तूच बोलतोयस असं वाटलं. मी म्हणलं, माझ्या शेतात आता कुदळ लागणार न्हाई. ते पाणी पिऊन गेले. मी किती दिवस स्वतःशीच भांडले. खड्डा भरावा म्हणून मीच घसा फोडून सांगत होते, आणि मीच बरोबर होते. बरोबर असून माझ्या हातात काय आलं? आणि भरलेल्या खड्ड्यावर तुझं अर्धवट काम तसंच उघडं पडलं होतं.

अव्वाला विचारायचं धाडस होईना. तिनंच एका सकाळी ओसरीत वरवंटा आणून ठेवला, शेजारी धुतलेलं धोतर. म्हणाली, "करायचं तर एका दिवसात करा. सकाळी खणा, दिस मावळायच्या आत भरा. ह्येला बसवा त्यात. त्येचं काम उघडं ठेवू नका."

काल फ्लेक्स उतरवला, आणि अव्वानं सांगितलं म्हणून आज सकाळी आम्ही शेतात होतो, तुझ्यापासून लांब, बांधाच्या पलीकडं. निर्माता म्हणून आता माझंच नाव लावायचं म्हणतोय सलीम. सगळे आले होते. तुझ्या वेळी सेटवर केवढा दंगा असायचा, आज कुणी खोकतही नव्हतं. बंडेप्पानं कुदळ टेकवली आणि त्याला विचारावंच लागलं, त्याच्या हाताला दुसरी रीतच माहीत न्हाई.

"पाऊल कुणाचं धरू, अक्का?"

गुरप्पाण्णा काठीकडं बघायले. सलीमनं एक पाय हळूच मागं घेतला. सगळ्यांनी आपापल्या चपलांत बोटं आवळली, मीसुद्धा. वारं पडलं होतं. बांधापलीकडं तुझ्यावरची माती अजून पुरती बसलेली न्हाई, ती तिथून दिसत होती.

मी गळ्यातला टेप काढला.

"कुणाचंच न्हाई. ह्ये धर."

त्यानं धरला. खणलं, शॉट झाला, वरवंटा बसवला, दिवस मावळायच्या आत भरलं. नंतर सलीमनं मला कॅमेऱ्याच्या पडद्यावर दाखवलं. मीच म्हणलं, मला दिसतंय. कडा कात्रीनं कापड कापल्यासारख्या सरळ आल्यात, आधीच्या एकाही शॉटला जुळत न्हाईत. खोटं दिसतंय, चन्नू. सलीमनं विचारलं, काय करायचं? मी तसंच ठेवायला सांगितलंय.